मोवाडची वर्धा किती सेलमध्ये मावेल?

प्रति,
राज्याच्या उच्च व तंत्रशिक्षण विभागाचे अधिकारी, विद्यापीठांच्या अभियांत्रिकी अभ्यास मंडळांचे सदस्य आणि जलसंपदा विभागातील संबंधित अधिकारी यांस,



मी नरखेड तालुक्यातला. अभियांत्रिकीच्या मुलांना शिकवतो आणि शेवटच्या वर्षाचे त्यांचे प्रोजेक्ट पाहतो. ही मुले नरखेड, जलालखेडा, मोवाड, सावरगाव, काटोल, वरूड अशा गावांतून येतात. घरी संत्र्याची बाग, नाहीतर बागेतली मजुरी. सिम्युलेशन सॉफ्टवेअरच्या फुकट मिळणाऱ्या आवृत्त्यांवर आकाराची जी मर्यादा असते, तिच्याशी ही मुले रोज झगडतात. त्या झगड्यात आपण त्यांना एकटे सोडले आहे, म्हणून हे पत्र जाहीरपणे लिहितो आहे.

ज्यांचा या विषयाशी रोजचा संबंध नाही त्यांच्यासाठी थोडे आधी सांगतो. पूल, टाकी, पंपाचे पाते किंवा नदीतले पाणी संगणकावर तपासायचे असेल, तर त्याचे हजारो लहान तुकडे करावे लागतात. या तुकड्यांच्या जाळ्याला मेश म्हणतात. तुकडा म्हणजे एलिमेंट किंवा सेल आणि त्याचे कोपरे म्हणजे नोड. प्रत्येक नोडवर किंवा सेलमध्ये समीकरणे मांडली जातात आणि सॉल्व्हर ती एकत्र सोडवतो. जाळे जितके बारीक तितके उत्तर खऱ्याच्या जवळ जाते, आणि एका टप्प्यानंतर ते स्थिरावते. विद्यार्थ्यांना मिळणाऱ्या फुकट आवृत्तीत कंपनी इथेच कुंपण घालते. ॲबाकसच्या लर्निंग एडिशनमध्ये 1000 नोडच्या पुढे जाता येत नाही. अँसिसच्या स्टुडंट आवृत्तीत पूर्वी स्ट्रक्चरल गणितासाठी 32 हजार नोड किंवा एलिमेंट आणि प्रवाहाच्या गणितासाठी 5 लाख 12 हजार सेल अशी मर्यादा होती. आता ती अनुक्रमे 1 लाख 28 हजार आणि 10 लाख आहे.

आकडे मोठे वाटतात, पण ते किती लवकर संपतात ते पाहा. लोखंडाचा साधा घनाकृती ठोकळा घ्या आणि प्रत्येक दिशेने त्याचे 9 भाग पाडा. कोपरे झाले 10 गुणिले 10 गुणिले 10, म्हणजे 1000. ॲबाकसची मर्यादा तिथेच संपली, आणि ठोकळ्याला अजून साधे भोकसुद्धा पाडलेले नाही. त्रिमितीय मॉडेलमध्ये तुकड्याची बाजू निम्मी केली की तुकडे आठपट होतात. काळाबरोबर बदलणारा प्रवाह असेल, तर बहुतेक वेळा काळाचे पाऊलही निम्मे करावे लागते. मग गणिताचे काम सोळापट होते.

कंपन्यांविरुद्ध माझी तक्रार नाही. त्यांचा माल आहे, तो किती आणि कोणत्या अटीवर फुकट द्यायचा हे त्यांनी ठरवावे. मर्यादेमुळे मुलांचे नुकसान होते असेही मी म्हणत नाही. मर्यादेत काम करायला शिकवले, तर त्यातून चांगला इंजिनिअर घडतो. आपण ते शिकवत नाही, आणि माझी तक्रार तेवढीच आहे.

या शास्त्राचा इतिहासच टंचाईचा आहे. फाइनाइट एलिमेंट हे नाव रे क्लफ यांनी 1960 साली एका शोधनिबंधात वापरले. त्या काळच्या संगणकांची स्मृती आजच्या साध्या मोबाइलच्या तुलनेत नगण्य होती. मोठी रचना तुकड्यातुकड्याने सोडवायची, सममिती असेल तर अर्धे किंवा पाव मॉडेल घ्यायचे, सर्व समीकरणे एकदम स्मृतीत न आणता आघाडीवरची तेवढी हाताळायची, या युक्त्या त्या चणचणीत पक्क्या झाल्या. ब्रूस आयर्न्स यांची फ्रंटल पद्धत 1970 सालची, तीही याच गरजेतून आलेली.

आपल्या महाराष्ट्रात तर संगणकाच्या कितीतरी आधीपासून हे काम चालू आहे. पुण्याजवळ खडकवासल्याला केंद्रीय जल आणि विद्युत संशोधन केंद्र आहे. 1916 मध्ये मुंबई प्रांताने त्याची सुरुवात केली. तिथे नद्यांची, धरणांची, बंदरांची लहान प्रतिरूपे बांधून त्यांत खरे पाणी सोडतात. मैलोगणती लांबीची नदी एका आवारात बसवायची म्हणजे आडवे प्रमाण फार लहान घ्यावे लागते. खोलीही त्याच प्रमाणात घेतली तर पाण्याचा नुसता पापुद्रा उरेल आणि तो खऱ्या नदीसारखा वागणार नाही. म्हणून नदीच्या प्रतिरूपात उभे प्रमाण पुष्कळदा मोठे ठेवतात. त्याला विकृत प्रमाणाचे मॉडेल म्हणतात आणि दोन्ही प्रमाणे अहवालात स्पष्ट लिहिली जातात. कोणती गोष्ट या मॉडेलवरून सांगता येईल आणि कोणती नाही, हेही तिथल्या लोकांना ठाऊक असते. जागा अपुरी असताना प्रामाणिकपणे काम कसे करावे याचा हा आपल्याच घरातला वस्तुपाठ आहे. अभियांत्रिकीच्या किती विद्यार्थ्यांना तो दाखवला जातो?

आमच्या भागातले उदाहरण देतो. संत्र्याच्या बागेत ठिबक सर्वत्र दिसते. नळीच्या आतल्या ड्रिपरमध्ये नागमोडी, दातेरी वाट असते. पाणी त्या दात्यांवर आपटत जाते, दाब मोडतो आणि शेवटी थेंब पडतो. वाट जेमतेम मिलिमीटरभर रुंद असते. एखादा विद्यार्थी पूर्ण ड्रिपर बारीक मेशमध्ये बसवायला गेला की मर्यादा ओलांडते आणि सॉफ्टवेअर नकार देते. मग तो मेश जाड करतो. जाड मेशमध्ये दात्याच्या टोकामागचा भोवरा दिसतच नाही, आणि दाब मोडण्याचे बरेचसे काम तो भोवराच करतो.

दाते मात्र एकसारखे, पुन्हापुन्हा येणारे असतात. मग त्यांतले दोन-तीनच घ्यावेत, दोन्ही टोकांना आवर्ती सीमा (एका टोकातून बाहेर पडणारा प्रवाह दुसऱ्या टोकातून आत शिरतो अशी अट) लावावी, आणि मर्यादेतले सगळे सेल त्या एवढ्याशा जागेत ओतावेत. एका दात्यामागे किती दाब मोडतो ते काढून दात्यांच्या संख्येने गुणावे, आणि सुरुवातीच्या व शेवटच्या भागाचा हिशेब वेगळा करावा. त्यानंतर सरळ बागेत जावे. ताशी 4 लिटरचा ड्रिपर पंधरा मिनिटांत एक लिटर पाणी देतो. मोजपात्र आणि घड्याळ एवढ्यावर संगणकाचे उत्तर तपासता येते. असा प्रोजेक्ट करणाऱ्या मुलाला प्रवाहशास्त्र कळते, आणि बागायतदाराला आपल्या नळीबद्दल काहीतरी उपयोगाचे समजते.

अभ्यास मंडळाच्या सदस्यांनो, हे आपल्या अभ्यासक्रमात कुठे बसते ते कृपया पाहा. बऱ्याच ठिकाणी प्रॅक्टिकलच्या यादीत सॉफ्टवेअरचे नाव असते आणि बटणे कोणत्या क्रमाने दाबायची ते असते. मॉडेल लहान कसे करावे, काय गाळले आणि का गाळले, याला गुण नसतात. व्हायवाला रंगीत चित्र दाखवले जाते, लाल आणि निळा भाग कुठे आहे ते सांगितले जाते, सही होते. मेश बदलली तर उत्तर किती बदलते, हा प्रश्न विचारलाच जात नाही. हेच तपासणारी ग्रिड इंडिपेंडन्स टेस्ट रिपोर्टमध्ये असली तर बहुधा मागच्या बॅचच्या रिपोर्टमधून उचललेली असते.

यात धोका आहे, आणि तो साध्या उदाहरणात दिसतो. काटकोनात आत वळलेला, गोलाई न दिलेला कोपरा घ्या. तिथला ताण मेश बारीक कराल तितका वाढतच जातो, कारण गणिताच्या दृष्टीने त्या बिंदूवर तो अनंताकडे जातो. विद्यार्थ्याची मेश लायसन्सच्या मर्यादेवर थांबते, तिथे जो आकडा येतो तोच तो कमाल ताण म्हणून छापतो. तो आकडा धातूचा नसून लायसन्सने ठरवलेला आहे, हे त्याला कोणी सांगितलेले नसते. पुढे हाच मुलगा नोकरीत टाकीच्या किंवा जिन्याच्या डिझाइनवर सही करणार आहे.

दुसरी गोष्ट उघडपणे कोणी लिहीत नाही, पण सर्वांना ठाऊक आहे. मर्यादा आडवी आली की मुले क्रॅक आवृत्ती बसवतात. लॅबमध्ये त्याकडे काणाडोळा होतो. कायदा मोडतो, संगणकात काय काय शिरते याचा पत्ता नसतो, आणि एकोणीस-वीस वर्षांच्या मुलाला त्याच्या व्यवसायाची पहिली शिकवण मिळते ती चोरीची. विद्यार्थ्यांच्या किंवा शैक्षणिक लायसन्सवर बाहेरची पैशाची कामे करणे हाही सहसा अटींचा भंगच असतो. मुलांना उपदेश करून हे थांबणार नाही. दुसरा रस्ता दाखवला तर थांबेल.

रस्ता आहे, आणि तो आपल्याच राज्यात तयार झाला आहे. आयआयटी मुंबईचा फॉसी प्रकल्प केंद्र सरकारच्या पैशावर चालतो आणि मुक्त सॉफ्टवेअरचा प्रसार करतो. प्रवाहाच्या गणितासाठी ओपनफोम आहे. लोखंडी जोडण्यांसाठी ओसडॅग आहे, ते तर फॉसीनेच आपल्या आयएस 800 संहितेप्रमाणे बनवले आहे. स्ट्रक्चरल गणितासाठी कॅल्क्युलिक्स आणि कोड ॲस्टर आहेत. यांपैकी कशालाही नोडची मर्यादा नाही, मर्यादा आली तर ती संगणकाच्या रॅमची. स्पोकन ट्युटोरियल या प्रकल्पात मराठीतून धडेही आहेत. पाणीपुरवठ्याच्या जाळ्यांचा अनुभव तर याहून बोलका आहे. व्यावसायिक पॅकेजे पाइपांच्या संख्येवर विकली जात असताना अमेरिकेच्या पर्यावरण संस्थेचे एपानेट वर्षानुवर्षे फुकट उपलब्ध आहे, आणि खेड्यांच्या नळयोजना कमी खर्चात आखण्यासाठी आयआयटी मुंबईत जलतंत्र तयार झाले. ही साधने शिकवायला कोणाचाही पैसा लागत नाही. शिक्षकांना त्यासाठी वेळ आणि प्रशिक्षण मात्र द्यावे लागेल, आणि ते देण्याचा अधिकार आपल्याकडे आहे.

आता मोवाडबद्दल लिहितो. खरे तर हे पत्र मी त्यासाठीच लिहायला घेतले.

30 जुलै 1991 रोजी वर्धा नदीचा पूर मोवाडमध्ये शिरला. 204 माणसे गेली. गाव उद्ध्वस्त झाले आणि पुढे नव्या जागी वसवावे लागले. आमच्या तालुक्यात त्या दिवसाची आठवण नसलेले जुने माणूस सापडणार नाही. माझ्या वर्गात येणारी मुले त्यानंतर कितीतरी वर्षांनी जन्मली, पण घरात ऐकून त्यांना तो पूर माहीत असतो. त्यांच्यापैकी एखाद्याने विचारले, की सर, तेवढेच पाणी आज आले तर कुठपर्यंत चढेल, तर तो अभियांत्रिकीचा अगदी योग्य प्रश्न आहे. त्याचे उत्तर काढायला शिकवणे हे आपले काम आहे.

हिशेब करून पाहू. नदीची 20 किलोमीटर लांबी आणि काठांसह 3 किलोमीटर रुंदी धरली तर 60 चौरस किलोमीटर क्षेत्र होते. सगळीकडे 5 मीटरचे सेल घेतले तर 24 लाख सेल लागतात. वर सांगितलेल्या दोन्ही फुकट आवृत्त्यांच्या मर्यादेबाहेर. पण सगळीकडे 5 मीटरची गरज कशाला? पात्राची 200 मीटर रुंद पट्टी 5 मीटरच्या सेलमध्ये घेतली तर 1 लाख 60 हजार. गावठाणाचे 2 चौरस किलोमीटर तसेच बारीक घेतले तर 80 हजार. उरलेल्या 54 चौरस किलोमीटरच्या शेतशिवाराला 30 मीटरचे सेल पुरतात, ते 60 हजार. एकूण 3 लाख. बारीक कुठे आणि जाड कुठे हे ठरवण्यातच नदीची समज लागते, आणि तीच शिकवायची आहे.

पुरासाठी तर हे कुंपणही नाही. अमेरिकी लष्कराच्या अभियंता दलाचे हेक-रास फुकट मिळते आणि त्यात 2016 पासून द्विमितीय गणित करता येते. त्याची एक मोठी सोय अशी की सेल मोठा ठेवला तरी त्याच्या आतला चढउतार वाया जात नाही. कोणत्या पातळीला सेलमध्ये किती पाणी मावेल आणि त्याच्या कडेवरून किती वाहील, याचे तक्ते ते खालच्या बारीक भूपृष्ठावरून आधीच तयार करते. रस्त्याचा किंवा रेल्वेचा भराव असेल तर त्यावरून ब्रेकलाइन आखून सेलच्या कडा भरावाच्या माथ्यावर आणता येतात. आमच्याकडे याला फार महत्त्व आहे. 1991 मध्ये नरखेड-बडनेरा रेल्वेमार्ग नव्हता. तो 2012 मध्ये सुरू झाला, मोवाडवरून जातो आणि पुढे वर्धा ओलांडून वरूडकडे वळतो. नवे भराव, नवे पूल आले की पुराचे पाणी जुन्या वाटेनेच जाईल असे गृहीत धरता येत नाही. जुन्या माणसांनी दाखवलेल्या पूररेषेवर आता विसंबता येणार नाही, पुन्हा गणित करावेच लागेल.

सॉफ्टवेअर फुकट आहे, सेलची मर्यादा नाही, लॅबमधला साधा संगणक चालतो. तरीही विद्यार्थी अडतो, कारण नदीच्या तळाची माहिती त्याच्याकडे नाही. त्याला सहज मिळते ते अंतराळातून मोजलेले 30 मीटरच्या चौकोनांचे भूपृष्ठ, भुवन संकेतस्थळावरचे कार्टोडेम किंवा नासाचे एसआरटीएम. अशा जाळ्यात आमच्या नदीचे पात्र मोजक्या चौकोनांत संपते, पाण्याखालचा तळ त्यात नसतो, आणि काही मीटर रुंदीचा भराव तर विरघळूनच जातो. खालचे भूपृष्ठच जाड असेल तर वर सेल कितीही बारीक करून उपयोग नाही. अशा मॉडेलमधून पूररेषेचे सुंदर चित्र निघेल, आणि ते चूक असेल.

जलसंपदा विभागातील अधिकाऱ्यांनो, पूल, बंधारे आणि पूररेषा यांच्या कामासाठी सरकारी खात्यांकडून नद्यांचे आडवे छेद मोजले जातात. ते लोकांच्या पैशाने मोजलेले असतात. वर्धा गोदावरी खोऱ्यात येते. गंगा, ब्रह्मपुत्रा, सिंधू यांच्या खोऱ्यांसारखी तिची प्रवाह-माहिती गोपनीय नाही. फेब्रुवारी 2021 मध्ये केंद्राने नकाशे आणि भूस्थानिक माहितीवरचे निर्बंध मोठ्या प्रमाणावर उठवले. मग मोवाडच्या वरचे आणि खालचे नदीछेद, भरावांच्या पातळ्या, पुलांच्या गाळ्यांची मापे ही माहिती विद्यार्थ्याला कार्यालयात खेटे न घालता का मिळू नये? नदीचा उगम मध्य प्रदेशात मुलताईजवळ आहे, वरचा पाऊस बैतूल जिल्ह्यात पडतो. त्या राज्याकडून पावसाची आणि पातळीची माहिती मिळवून ती इथल्या छेदांसोबत एका ठिकाणी ठेवणे एखाद्या विद्यार्थ्याला शक्य नाही. शासनाला शक्य आहे.

मुलांनी काढलेली पूररेषा प्रमाण मानून कोणाची घरे हलवा, असे मी म्हणत नाही. अधिकृत काम अधिकृत यंत्रणेनेच करावे. पण दहा महाविद्यालयांतल्या मुलांनी एकाच नदीची मॉडेले उघडपणे मांडली, एकमेकांची तपासली, तर अधिकृत रेषेवर प्रश्न विचारू शकणारी माणसे या तालुक्यात तयार होतील. 1991 मध्ये ती नव्हती.

तंत्रशिक्षण विभागाला माझे सांगणे असे. उन्नत महाराष्ट्र अभियानातून 2016 मध्ये शासनाने स्वतःच ठरवले की महाविद्यालयांनी आपल्या परिसराचे प्रश्न हाती घ्यावेत. त्या निर्णयाला या कामाची जोड द्या. प्रोजेक्टच्या गुणांत एक भाग मॉडेल आटोपशीर करण्याच्या विचारासाठी राखा: काय गाळले, का गाळले, मेश निम्मी केल्यावर उत्तर किती हलले, आणि प्रत्यक्ष मोजमापाशी ते किती जुळले. रिपोर्टच्या पहिल्या पानावर वापरलेल्या लायसन्सचा प्रकार आणि त्याची मर्यादा लिहिणे सक्तीचे करा. खडकवासल्याचे अभियंते प्रमाण लिहितात, तसेच हे. अभ्यासक्रमात एका कंपनीच्या उत्पादनाचे नाव घालू नका, पद्धतीचे नाव घाला. कंपन्यांची साधनेही मुलांनी जरूर शिकावीत, नोकरीत तीच लागतात. पण नोडची मर्यादा संपली म्हणून शिक्षण थांबता कामा नये.

विभागीय पातळीवर एखादा सामायिक संगणक ठेवता आला, जिथे नरखेडचा मुलगा ओपनफोमचा मोठा रन रात्री लावून सकाळी उत्तर पाहू शकेल, तर फार बरे होईल. तो नाही झाला तरी वरच्या बाकी सगळ्या गोष्टी एका परिपत्रकाने आणि काही फाइली खुल्या केल्याने होण्यासारख्या आहेत.

मोवाडच्या वरच्या आणि खालच्या भागातले वर्धेचे छेद येत्या पावसाळ्याआधी खुले करा, एवढी एक गोष्ट पहिली करा. ते ज्या दिवशी मिळतील, त्या दिवसापासून आमची मुले कामाला लागतील.

आपला,
नरखेड तालुक्यातील एक अभियांत्रिकी शिक्षक